हरकतीची मुदत चुकवू नका

ग्रामपंचायतीच्या प्रभागरचनेविरुद्ध, म्हणजे निवडणुकीसाठी गावाचे जे भाग पाडतात त्याविरुद्ध, कोर्टात गेलेल्या ग्रामस्थांच्या हाती काही लागत नाही, अशी खंत एका लेखात वाचली; ती खरी आहे. राज्यघटनेचं कलम २४३ ओ असे वाद न्यायालयाबाहेर ठेवतं. उत्तर प्रदेशच्या एका प्रकरणात १९९५ साली सर्वोच्च न्यायालयाने हरकतीची संधीच न दिल्यास दाद मागता येईल म्हटलं, पण तेही निवडणुकीची अधिसूचना निघण्यापूर्वीच. म्हणून प्रारूप (कच्ची) रचना जाहीर होताच लेखी हरकत द्या, पोच घ्या, सुनावणीला स्वतः जा. आमच्याकडे ओढ्यापलीकडची अख्खी वस्ती दुसऱ्या प्रभागाला जोडली, आम्हाला कळलं मुदत संपल्यावर! नकाशा नुसता फलकावर चिकटवून काय उपयोग? दवंडी द्या, ग्रामसभेत वाचून दाखवा. रोजंदारीवर जाणारी माणसं फलक कधी बघणार?