अँबिडेक्स्टर, तोही बिनपगारी

दुटप्पीपणाला कष्ट पडत नाहीत असं ज्यांना वाटतं, त्यांनी एकदा आमच्या बिल्डिंगमध्ये चार दिवस राहायला यावं. डोंबिवलीतली जुनी सोसायटी. तळमजला अधिक तीन मजले, मजल्यावर सहा बिऱ्हाडं, लिफ्ट नाही. पावसाळ्यात गच्ची गळते, जिन्यात छताचे पोपडे पडतात आणि रहिवाशांत दोनच जाती उरल्या आहेत : रीडेव्हलपमेंट हवीवाले आणि नकोवाले. हवीवाले बारा. नकोवाले अकरा. चोविसावा मी.

आता नियम असा, की एकूण सभासदांच्या ५१ टक्क्यांची संमती लागते. चोविसाचे ५१ टक्के काढले की सव्वाबारा येतात, आणि पाव माणूस सभेला बसवता येत नाही, म्हणून तेरा. हे गणित कळल्यापासून मला कोणी साधं ‘काय, बरं आहे ना?’ असंही विचारत नाही. विचारलंच तर त्यात हेतू असतो.

हवीवाल्यांचे म्होरके आप्पा, तिसऱ्या मजल्यावर. गुडघे गेलेले. नकोवाल्यांचे नाना, तळमजल्यावर. त्यांना लिफ्टचं सोयरसुतक नाही. मागच्या बाजूला त्यांनी लावलेला सोनचाफा आहे, तो त्यांचा कार्पेट एरिया. मी दुसऱ्यावर. म्हणजे माझं नशीब बिल्डरने नकाशातच काढून ठेवलेलं. आप्पा वर जाताना बरोबर माझ्या दाराशी दम खायला थांबतात, आणि नाना शब्दकोड्यासाठी माझ्याकडचा पेपर न्यायला रोज वर येतात. आप्पा म्हणतात, “तुम्ही काय, आमचेच.” नाना म्हणतात, “तू आपला माणूस रे.” दोघांनाही मी चहा देतो आणि दोघांनाही ‘हं’ म्हणतो.

या ‘हं’वर थोडं बोललं पाहिजे, कारण माझी सगळी राजकीय कारकीर्द त्यावर उभी आहे. ‘हं’ म्हणजे होकार नव्हे. नकारही नव्हे. ऐकणाऱ्याला त्यात हवं ते ऐकू येतं, हा त्याचा गुण. आप्पा भाड्याचा आकडा सांगतात तेव्हा मी जो ‘हं’ काढतो तो नाकातून, किंचित लांबवलेला, भुवया वर. त्यात ‘अरे वा’ असतं. नाना सांगतात, “समोरच्या सोसायटीतली माणसं पाच वर्षं भाड्याच्या घरात कुजतायत,” तेव्हाचा ‘हं’ छातीतून येतो, तुटक, मान खाली. त्यात ‘काय दिवस आले’ असतं. एकदा दोघं एकाच वेळी दारात उभे राहिले. तेव्हा जो ‘हं’ निघाला तो ऐकून बायको स्वयंपाकघरातून बाहेर आली आणि म्हणाली, “घशाला काही झालंय का?”

‘हं’ पुरला नाही तर ‘तुमचं म्हणणं अगदीच खोटं नाही’ हे वाक्य आहे. त्याच्याही पलीकडे गेलं तर ‘हिच्याशी बोलून सांगतो’. बायको या वाक्यावर भलतीच चिडते. गेल्या तीस वर्षांत मी तिच्याशी बोलून एकही गोष्ट ठरवलेली नाही आणि सोसायटीत मात्र सगळ्या अडलेल्या निर्णयांचं खापर तिच्यावर फुटतं, असं तिचं म्हणणं. अगदीच खोटं नाही.

तर एका संध्याकाळी मुलगी, जी कायद्याच्या दुसऱ्या वर्षाला आहे, पुस्तकातून मान वर काढून म्हणाली, “बाबा, तुला इंग्रजांनी चारशे वर्षांपूर्वीच नाव ठेवलंय.”

“कोणतं?”

“अँबिडेक्स्टर.”

मला ते कौतुक वाटावं असाच शब्द होता. लॅटिनमध्ये ‘अँबी’ म्हणजे दोन्ही, ‘डेक्स्टर’ म्हणजे उजवा. ज्याचे दोन्ही हात उजवे तो. आपल्याकडे याच कौशल्यासाठी अर्जुनाला सव्यसाची म्हटलं, भगवंतांनी भर रणात त्या नावाने हाक मारली. पण मुलीचा आवाज भगवंतांसारखा नव्हता. तिने खुलासा केला : जुन्या इंग्रजी कायद्यात अँबिडेक्स्टर म्हणजे असा ज्युरर, जो निकाल देण्यासाठी वादीकडूनही पैसे घेतो आणि प्रतिवादीकडूनही. पुढे दोन्ही पक्षकारांकडून फी उकळणाऱ्या वकिलालाही तेच म्हणू लागले, आणि मग कोणत्याही दुतोंड्याला.

इंग्रजांचं हे एक मानायला हवं. आपण ‘दुतोंडी’ म्हणतो, म्हणजे तोंडावर आळ घेतो. त्यांनी हात पकडला. पैसे तोंडाने घेत नाहीत.

त्या ज्युरीची अवस्था वाचली तर मात्र मला त्या लाचखाऊंबद्दल थोडी कणव आली. बारा माणसं एका खोलीत कोंडायची आणि एकमत होईपर्यंत त्यांना अन्न नाही, पाणी नाही, शेकोटी नाही, मेणबत्तीही नाही. इंग्लंडच्या थंडीत. आमच्याकडे विशेष सभेला आधी समोसे येतात, मग विषयपत्रिका, आणि तरीही एकमत होत नाही. तो प्रयोग आमच्यावर करून पाहायला हरकत नाही.

शिक्षाही त्यांनी हिशेबी ठेवली होती. तिसऱ्या एडवर्डच्या काळात, म्हणजे चौदाव्या शतकात, कायदा झाला की लाच घेणाऱ्या ज्युररने घेतलेल्या रकमेच्या दहापट भरायची. निम्मी राजाला, निम्मी फिर्याद करणाऱ्याला. या दाव्याचं नावच ‘दहापट’ : लॅटिनमध्ये डेसीज टँटम. मुलीने लगेच माझा हिशेब मांडला. आप्पांकडून आजवर आलेलं : बाकरवडी, एकदा उकडीचे मोदक, आणि ‘नव्या टॉवरमध्ये तुमचा फ्लॅट पूर्वेकडचा’ हे आश्वासन. नानांकडून : चाफ्याची फुलं रोज, आणि एका उन्हाळ्यात कोकमाची बाटली. याची दहापट. बायको म्हणाली, “फिर्याद मी करते. निम्मे मोदक माझे.” राजाचा वाटा कोणाला द्यायचा यावर चर्चा अडली. मी सोसायटीच्या सिंकिंग फंडाचं नाव घेतलं तर दोघी हसल्या.

खरं तर माझी तक्रार इथेच सुरू होते. त्या काळच्या अँबिडेक्स्टरला निदान मेहनताना होता. दोन थैल्या, दोन बाजूंनी. पकडला गेला तर दहापट दंड, नाही तर आयुष्याची ददात मिटली. माझ्याकडे काय आहे? दोन व्हॉट्सॲप ग्रुप. एकाचं नाव ‘नवी पहाट’, दुसऱ्याचं ‘आपलं घर आपला हक्क’. पहाटेला साडेपाचलाच सुप्रभात सुरू होतं आणि हक्क रात्री बारापर्यंत जागा असतो. आप्पांच्या घरी कोणता कन्सल्टंट येऊन गेला हे मला माहीत असतं, नाना कोणत्या वकिलाला भेटले हेही माहीत असतं, आणि दोन्ही गोष्टी मला माहीत नाहीत असा चेहरा करून मी पिशवी घेऊन जिना उतरत असतो. चोराला म्हणावं चोरी कर आणि सावाला म्हणावं जागा राहा, ही म्हण ज्याने काढली त्याने हे काम स्वतः केलेलं नसणार. चोर झोपत नाही, साव झोपत नाही, आणि दोघांना सांगत फिरणाऱ्याची तर सोयच नाही.

मुलीच्या पुस्तकात आणखी एक गृहस्थ भेटले. जॉन कॉवेल, केंब्रिजला कायद्याचे प्राध्यापक. त्यांनी १६०७मध्ये कायद्याच्या शब्दांचा कोश छापला, त्यात या अँबिडेक्स्टरचीही नोंद आहे. हे कॉवेल स्वतः मात्र एकहाती माणूस. कोशात ‘राजा’ या शब्दापाशी आल्यावर त्यांनी लिहून टाकलं की राजा कायद्याच्या वर असतो. १६१०मध्ये पार्लमेंट खवळलं. ज्याच्यासाठी लिहिलं त्या जेम्स राजाला तेव्हा पार्लमेंटकडून पैसे हवे होते. त्याने जाहीरनामा काढून पुस्तकच दाबून टाकलं. पुढच्या वर्षी कॉवेल गेले. हा प्रसंग मी आप्पांना आणि नानांना वेगवेगळा सांगितला. एका बाजूने उभं राहिलं की काय होतं हे त्यांना कळावं, एवढाच हेतू. आप्पा म्हणाले, “बघा, म्हणजे वेळेवर सही केली पाहिजे.” नाना म्हणाले, “बघ, म्हणजे सही करायचीच नाही.”

पण माझा खरा पूर्वज सापडला तो नाटकात. टॉमस प्रेस्टन या नावावर १५६९च्या सुमारास छापलेलं, पर्शियाच्या कॅम्बायसिस राजाचं नाटक. त्यात अँबिडेक्स्टर नावाचं पात्रच आहे. त्याचा प्रवेश कसा, तर डोक्यावर जुनी पेटी, कमरेला चिलखत म्हणून जुनी बादली, बाजूला झारा आणि भांड्याचं झाकण, खांद्यावर दाताळं. आणि निघालाय कुठे? गोगलगायीशी लढायला. तिला हरवलं तर पुढे फुलपाखरू आहेच. हे वर्णन वाचताना मला आमच्या सोसायटीतली गळती-पाहणी आठवली : आप्पा डोक्यावर प्लास्टिकची पिशवी बांधून, नाना हातात बादली घेऊन, मी दोघांच्या मध्ये छत्री धरून, आणि छत्रीचं पाणी कोणाच्या अंगावर जास्त पडलं यावर नंतर दोन्ही ग्रुपवर चर्चा.

हा नाटकातला अँबिडेक्स्टर प्रेक्षकांना सरळ सांगतो, की दोन्ही हातांनी खेळणारा तो मी. राजा इजिप्तच्या स्वारीवर जातो तेव्हा मागे ठेवलेल्या न्यायाधीशाला हा लाच घ्यायची फूस देतो. राजा परत येतो आणि न्यायाधीशाची कातडी सोलवतो, रंगमंचावर, सर्वांसमक्ष. त्यासाठी खोटी कातडी वापरायची अशी सूचना संहितेत लिहिलेली आहे. सूचना होती म्हणून नट वाचले. मग हा राजाच्या भावाचा कान भरतो, भावाविरुद्ध राजाचा भरतो, राणी मारली जाते तेव्हा तिच्यासाठी गळा काढून रडतो. दरबारात एकेक जण मरत जातो आणि या पठ्ठ्याच्या केसालाही धक्का नाही. याला मी यश म्हणतो. त्याला प्रेक्षकांकडे तोंड करून मन मोकळं करायची सोय होती, हेही विसरता येत नाही. मी बायकोकडे तोंड करून मन मोकळं करायला गेलो तर ती म्हणते, “गिझर बंद केलास का?”

शेवटी बिल्डर निवडायची विशेष सभा लागली. गच्चीवर मांडव, उपनिबंधक कार्यालयातून आलेले अधिकारी, आणि कायद्याने लागतं म्हणून व्हिडिओ शूटिंग. शूटिंगवाला एरवी लग्नं करणारा. तो प्रत्येकाला “काका, जरा इकडे बघा, हसा” म्हणत होता. आप्पांनी पहिल्या रांगेत माझ्यासाठी खुर्ची धरून त्यावर रुमाल टाकला होता. नानांनी तिसऱ्या रांगेत खुर्ची धरून त्यावर चष्म्याचं घर ठेवलं होतं. मी जिन्याच्या तोंडाशी हजेरीवहीचं काम अंगावर घेतलं. सोसायटीच्या सेवेत एवढ्या तत्परतेने मी कधीच पुढे आलो नव्हतो.

चर्चा दोन तास चालली. सगळ्यांनी सगळं पुन्हा सांगितलं. मग अधिकारी उठले. “ज्यांना ठराव मान्य आहे त्यांनी हात वर करावा.” बारा हात वर गेले. “विरोधात?” अकरा. माझ्या एका हातात हजेरीवही होती आणि दुसऱ्यात दोरीने वहीला बांधलेलं पेन. दोन्ही हात उजवे असोत की डावे, गुंतलेले होते.

अधिकाऱ्यांनी पुन्हा मोजलं. “चोवीस उपस्थित आहेत. एक मत कुठे गेलं?”

कॅमेरा माझ्याकडे वळला.

“तुमचं काय?”

“हं,” मी म्हणालो.

“हं म्हणजे काय लिहू?”

“ते आमचेच आहेत,” आप्पा आणि नाना एका दमात म्हणाले. मग गप्प झाले. मग त्यांनी एकमेकांकडे पाहिलं, आणि कित्येक महिन्यांत पहिल्यांदा मधे मी नव्हतो. नाना म्हणाले, “तुम्हाला काय म्हणाला होता?” आप्पा म्हणाले, “तुम्हाला काय म्हणाला होता?” पुढे बराच वेळ ते दोघंच बोलत होते, तारीखवार. शूटिंगवाल्याने सगळं घेतलं.

ठराव बारावर अडकून पडला. अधिकाऱ्यांनी माझ्यापुढे ‘तटस्थ’ असं लिहिलं आणि उरलेले समोसे खाऊन गेले. आता आप्पा वर जाताना माझ्या दारात थांबत नाहीत. आधी खालीच नानांकडे अर्धा तास बसतात, आणि नवा नकाशा काढताना चाफा कसा राखता येईल यावर दोघांची खलबतं चालतात. नानांनी शब्दकोड्यासाठी स्वतःचा पेपर सुरू केला आहे. बाकरवडी नाही, फुलंही नाहीत. मला दोन्ही ग्रुपमधून काढलं आहे. तिसरा एक नवा ग्रुप निघाला आहे म्हणे.

पुढच्या सभेत मागचं इतिवृत्त वाचून कायम करायचं होतं. माझ्या नावापाशी आल्यावर नाना उठले. ‘तटस्थ’ हा शब्द सदर सभासदाच्या बाबतीत वस्तुस्थितीला धरून नसल्याने वगळण्यात यावा, असा त्यांनी ठराव मांडला. इतिवृत्तात आता असं आहे : सूचक नाना, अनुमोदक आप्पा, ठराव सर्वानुमते मंजूर.