खेळाडू मात्र राहून गेला
क्रीडा मानसशास्त्रज्ञ एंडा मकनल्टीवरचा तुमचा लेख वाचला. त्याने रग्बीपटू ब्रायन ओड्रिस्कॉल आणि आयर्लंडच्या रग्बी संघाबरोबर मानसिक तयारीचं काय काम केलं, ते लेखात छान आलंय. पण तो स्वतः गेलिक फुटबॉल (आयर्लंडचा पारंपरिक फुटबॉल) खेळायचा त्यावर जेमतेम दोन ओळी? अहो, २००२ च्या आर्मा काउंटीच्या संघातला कोपऱ्यातला बचावपटू तो, त्या वर्षीचा ऑल स्टार, म्हणजे मोसमातल्या सर्वोत्तम संघात निवडलेला! डब्लिनच्या क्रोक पार्क मैदानावरच्या ऑल-आयर्लंड फायनलला मध्यंतरात प्रतिस्पर्धी केरी काउंटी ११-७ ने पुढे. आर्माचा प्रशिक्षक जो कर्ननने खेळाडू म्हणून १९७७ ची फायनल हरल्यावर मिळालेलं स्वतःचं स्मृतिचिन्ह काढलं आणि ड्रेसिंग रूमच्या भिंतीवर आपटून फोडलं. उत्तरार्धात केरीला फक्त तीन गुण मिळाले. आर्मा एका गुणाने जिंकलं, काउंटीचं पहिलंवहिलं विजेतेपद. मानसशास्त्राचा याहून भारी वर्ग कुठे भरणार! आणि हे सगळे हौशी खेळाडू बरं का, पगार शून्य, नोकऱ्या सांभाळून सराव.

जमल्यास आर्माच्याच ओशीन मकॉनव्हिलवरही लिहा. त्याच फायनलमध्ये त्याची पेनल्टी हुकली आणि नंतर निर्णायक गोलही त्यानेच मारला. जुगाराच्या व्यसनातून बाहेर पडून तो पुढे समुपदेशक झाला. मला तर त्याची गोष्ट जास्त भिडते.