शिक्षा अशी द्या, की टिकता कामा नये

साहेब, तुमच्या कार्यालयातल्या लिपिकाने अपहार केलाय, पेपरात बातमी आलीय आणि वरून फोनही येऊन गेलाय. घाबरू नका. शिक्षा करा, कडकच करा. फक्त ती मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) उडेल एवढी तजवीज ठेवा. कारवाई केल्याचे नाव तुम्हाला, नोकरी त्याला.

त्याच संध्याकाळी निलंबन काढा आणि फाईल विसरून जा. तीन महिन्यांत दोषारोपपत्र दिले नाही तर निलंबन लांबवता येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने 2015 मध्ये म्हटले, शासनानेही 2019 मध्ये तसा जीआर काढला. तो तुम्ही वाचू नये. (खरोखर निर्दोष असलेला माणूसही याच विसराळूपणात निम्म्या पगारावर कुजतो, पण त्याची बातमी होत नाही.)

मग दोषारोपपत्र. इथे खरी कला आहे. तारीख, रक्कम, पावती क्रमांक असले क्षुद्र तपशील टाळा. ‘सचोटी व कर्तव्यपरायणता राखली नाही’ एवढे पुरे. कशात राखली नाही ते चौकशीत निघेलच. जोडपत्र तीनमध्ये कागदांची यादी द्या, कागद मात्र देऊ नका. मागितले तर ‘अभिलेख आढळून येत नाहीत’ कळवा. जोडपत्र चारमध्ये असे साक्षीदार घ्या, जे केव्हाच सेवानिवृत्त झालेत आणि ज्यांचा पत्ता आस्थापना शाखेलाही ठाऊक नाही. कार्यालयाची बाजू मांडणारा सादरकर्ता अधिकारी नेमूच नका. चौकशी अधिकाऱ्यानेच उलटतपासणी घ्यावी आणि त्यानेच निष्कर्ष काढावा.

चौकशी अहवालाची प्रत अपचाऱ्याला, म्हणजे ज्याची चौकशी झाली त्याला, देऊ नका. ती द्यायलाच हवी, हे 1993 पासून ठरलेले आहे. पण एवढ्यावर विसंबू नका हं. प्रत न मिळाल्याने त्याचे नुकसान काय झाले, असेही न्यायालय विचारते. म्हणून आणखी एक-दोन चुका हाताशी असू द्या. उदाहरणार्थ, त्याची नेमणूक तुमच्या वरिष्ठांनी केली असेल, तर बडतर्फीवर सही तुम्हीच ठोका. नेमणाऱ्यापेक्षा कनिष्ठाने बडतर्फ करू नये, असे सांगणारा राज्यघटनेचा अनुच्छेद 311 बाकीचे बघून घेईल.

शिक्षेच्या प्रमाणात न्यायालय सहसा हात घालत नाही. शिक्षा सद्सद्विवेकबुद्धीला धक्का देणारी असेल तरच. तेव्हा तो धक्का द्या: तीन दिवस उशिरा आलेल्या शिपायाला बडतर्फ करा, अपहारवाल्याची एक वेतनवाढ रोखा.

अपिलासाठी त्याला 45 दिवस आहेत. तुम्हाला घाई कसली? सहा महिने निकाल लागला नाही तर तो थेट मॅटमध्ये जाऊ शकतो. जाऊ द्या. तिथे शासनाचे शपथपत्र चार तारखांनंतर जाईल, तेही दुसऱ्याच प्रकरणातले.

आदेश येईल: शिक्षा रद्द, हवे तर त्रुटीच्या टप्प्यापासून चौकशी पुन्हा करा. पण पुन्हा करणार कोण? तुम्ही तोवर सेवानिवृत्त. तो मात्र थकबाकी घेऊन रुजू झालाय, मानीव (म्हणजे मागच्या, मानून घेतलेल्या) दिनांकाने पदोन्नत होऊन आस्थापनेचा अव्वल कारकून झालाय, आणि तुमच्या पेन्शनच्या कागदांत त्याला एक त्रुटी सापडली आहे.