थकलेले खेचर म्हणजे शिकलेले खेचर नव्हे

समाजमाध्यमांवर एक सल्ला बराच फिरतो आहे. खेचर जात्याच हट्टी असते, म्हणून पहिल्याच दिवशी घोड्याचे खोगीर त्याच्या पाठीवर चढवून तंग (खोगीर बांधायचा पोटाखालचा पट्टा) घट्ट आवळावा आणि त्याला रिंगणात सोडून द्यावे. उड्या मारून थकले की ते वठणीवर येते, आणि लगाम घालू देत नसेल तर कान पिळून धरावा, असे त्यात म्हटले आहे. यातले एकही कलम तपासणीला उतरत नाही.

हट्टाचेच आधी पाहू. खेचराचा बाप गाढव आणि आई घोडी. धोका जाणवला की घोडा सहसा उधळतो, तर गाढव बहुधा जागच्या जागी थांबून अंदाज घेते, आणि हा स्वभाव खेचरात पुष्कळसा उतरतो. म्हणजे आपण ज्याला हट्ट म्हणतो, तो बऱ्याचदा त्याचा विचार चाललेला असतो. नेमक्या त्याच वेळी रेटा दिला, तर लाथ खाण्याची तयारी ठेवावी.

थकवण्याचा मुद्दा अधिक घातक आहे, कारण त्याचा परिणाम वरवर यशासारखा दिसतो. उड्या थांबल्यावरही ओठ आवळलेले, शेपूट दाबून धरलेली आणि मान ताठ असेल, तर त्या जनावराने खोगीर स्वीकारलेले नसून केवळ सुटकेची आशा सोडलेली असते. निवांत झालेले खेचर मान खाली सोडते, जबडा हलवते, मागचा एक पाय सैल ठेवून उभे राहते. म्हणून आधी नुसते पांघरूण हुंगायला द्यावे, ते दोन्ही बाजूंनी पाठीवर ठेवावे आणि खेचर स्थिर उभे असतानाच काढावे. मग रिकिबी काढलेले खोगीर, आणि तंग एकेक भोक वाढवत, मधे चार पावले चालवून आवळावा. वेळ लागतो, हे मान्य.

घोड्याचे खोगीर चालते, हेही अर्धसत्य आहे. खेचराची पाठ सरळसोट आणि खांद्यामागचा उंचवटा बेताचाच असल्याने उतारावर खोगीर पुढे घसरते. गौरीकुंड ते केदारनाथ या सुमारे १६ किलोमीटरच्या वाटेवरून खेचरावर बसून उतरलेल्या आपल्याकडच्या यात्रेकरूंना हे सांगायला नको. ते घसरू नये म्हणून शेपटीखालून दुमची, म्हणजे खोगीर मागे धरून ठेवणारा पट्टा, घालावी लागते, आणि शेपटीखाली हाताच्या स्पर्शाची सवय नसलेल्या जनावराला ती एकाएकी घातली, तर पुढचा गोंधळ आपणच ओढवून घेतलेला असतो. खोगीर उतरवल्यावर घामेजलेल्या पाठीवर एखादा कोरडा डाग दिसला, तर ते नीट बसत नाही असे समजावे; जनावराला दोष देण्याआधी खोगीर तपासावे.

राहिले कान. कान पिळणे माणसांच्या शाळेतूनही हद्दपार झाले, गोठ्यात मात्र टिकून आहे. एकदा कान पिळलेले खेचर पुढे कानाजवळ हात गेला तरी मान झटकते, कारण त्याची स्मरणशक्ती आपल्या सोयीपुरती चालत नाही. अशा खेचराला लगामाचा पट्टा कानांवरून ओढून घालूच नये. गालाजवळची बकल सोडावी, पट्टा म्होरकीसारखा कानांमागून फिरवून घ्यावा आणि बकल पुन्हा लावावी. कानांना धक्काही लागत नाही.