आत्याने विचारलं, ‘टोलव्हॅप्टान आहे का रे तुझ्याकडे?’

परवा रात्री साडेनऊला मेडिकलचं शटर अर्धं खाली ओढलं होतं, तेवढ्यात कराडच्या आत्याचा फोन आला. “अरे, टोलव्हॅप्टान म्हणून गोळी असते ना तुझ्याकडे? पंधराची. चारच दे. मी अर्धी अर्धीच घेणारे.” आत्या अठ्ठ्याहत्तर वर्षांची. नाव तिने इतकं स्वच्छ उच्चारलं की आधी कौतुक वाटलं, मग घाम फुटला. चिठ्ठी कुणाची म्हणून विचारलं तर म्हणाली, “चिठ्ठी कशाला? मोबाइलवर सगळं लिहून आलंय.”

आलेलं मग तिने मलाही पाठवलं. मी ते आधी दोन ग्रुपांवर पाहिलं होतं आणि हसून सोडून दिलं होतं. तेव्हाच लिहायला हवं होतं. मजकूर थोडक्यात असा: म्हाताऱ्या माणसांचं सोडियम कमी झालं की हॉस्पिटलवाले चार दिवस ठेवून घेतात आणि बिल लावतात. त्यापेक्षा ही जपानी गोळी घरीच रोज सकाळी अर्धी घ्या. गोळी चालू असताना पाणी कमी प्या, सोडियम लवकर चढतं. फक्त पाणी बाहेर पडतं, म्हणून साइड इफेक्ट शून्य. किडनीतल्या गाठी विरघळतात, हृदयाची आणि लिव्हरची सूज उतरते. दहा जणांना पाठवा.

सोबत फोटो व्हॅसोप्रेसिनच्या इंजेक्शनचा. म्हणजे विकायचं कुलूप आणि चित्र किल्लीचं! टोलव्हॅप्टान ज्याला अडवतं तेच ते व्हॅसोप्रेसिन, अंगात पाणी राखून ठेवणारं संप्रेरक. फोटो चिकटवणाऱ्याला एवढंही ठाऊक नव्हतं.

यात खरं काय, ते आधी सांगून टाकतो. गोळी जपानीच, ओत्सुका कंपनीने शोधलेली. ती काम करते हेही खरं. २००६ साली प्रसिद्ध झालेल्या दोन चाचण्यांत या गोळीने रुग्णांचं सोडियम वाढल्याचं दिसलं आणि २००९ मध्ये एफडीएने, म्हणजे अमेरिकेच्या औषध नियामकाने, तिला परवानगी दिली. बिलांबद्दल मी काही बोलत नाही, काउंटरच्या या बाजूला उभा राहून मीही रोज लोकांचे चेहरे बघतो.

पण ‘सोडियम कमी म्हणजे मीठ कमी’ हा समज आधी काढून टाकायला हवा. याच समजापायी घरोघरी आजीच्या ताकात चमचाभर मीठ जास्त पडतं. रिपोर्टमधला आकडा (साधारण १३५ ते १४५ ठीक धरतात) अंगात मीठ किती ते सांगत नाही, पाण्याच्या मानाने किती ते सांगतो. आमटीत पाणी जास्त पडलं तरी ती अळणीच लागते. मूत्रपिंडं दिवसाला सुमारे १८० लिटर द्रव गाळतात आणि त्यातला बहुतेक सगळा परत घेतात. शेवटचं पाणी किती राखायचं ते व्हॅसोप्रेसिन ठरवतं. मूत्रपिंडाच्या नळ्यांमधल्या पेशींवर व्ही-२ नावाचे रिसेप्टर असतात. व्हॅसोप्रेसिन तिथे चिकटलं की पेशी पाण्यासाठी दारं उघडतात आणि पाणी परत रक्तात जातं. टोलव्हॅप्टान ती जागा अडवून बसतं. दारं उघडत नाहीत, पाणी लघवीवाटे जातं, सोडियम मागे राहतं. बाकीच्या लघवीच्या गोळ्या पाण्याबरोबर मीठही काढतात, ही बहुतांशी नुसतं पाणी काढते. औषध हुशार आहे, यात वाद नाही.

आता तो पाणी कमी प्यायचा सल्ला. याच एका ओळीसाठी मी हे लिहायला बसलोय.

हा सल्ला हवेतून आलेला नाही. काही रुग्णांत व्हॅसोप्रेसिन नको तितकं सुटत राहतं, आणि तेव्हा डॉक्टर खरोखरच पाणी मोजून प्यायला सांगतात. तो एक उपचार. टोलव्हॅप्टान हा दुसरा. कुणीतरी दोन्ही एकत्र कालवले आणि दुप्पट फायदा म्हणून वाटत सुटला. गोळी पाणी बाहेर काढतेय आणि वरून पिणंही बंद. मग सोडियम चढत नाही, उसळतं.

उसळलं तर काय होतं, हे शोधायला लांब जायला नको. एफडीएने मंजूर केलेल्या याच गोळीच्या माहितीपत्रकात सगळ्यात वर, काळ्या चौकटीत इशारा आहे: गोळी हॉस्पिटलमध्येच सुरू करावी, मध्ये बंद पडली तर पुन्हाही तिथेच सुरू करावी, आणि रक्तातलं सोडियम तपासत राहावं. चोवीस तासांत ते १२ अंकांपेक्षा जास्त चढलं तर मेंदूला इजा होऊ शकते. पुढे यादी आहे: बोलणं अडखळणं, वाचा जाणं, गिळता न येणं, हातपाय ताठ होऊन लुळे पडणं, झटके, कोमा, मृत्यू. त्याच पत्रकात असंही आहे की पहिले चोवीस तास पाण्यावर बंधन घालणं टाळावं आणि तहान लागेल तसं पाणी पिऊ द्यावं. पोस्ट नेमकं उलटं सांगते. ज्यांना तहान जाणवत नाही किंवा सांगता येत नाही, त्यांना ही गोळी द्यायचीच नाही, असंही तिथे आहे. आपल्याकडची म्हातारी माणसं तर रात्री उठावं लागतं म्हणून संध्याकाळपासूनच पाणी टाळतात.

हे का होतं, तेही समजून घ्या. सोडियम हळूहळू, दिवसांमागून दिवस उतरलेलं असतं तेव्हा मेंदूच्या पेशी फुगू नयेत म्हणून आपल्यातले क्षार बाहेर टाकून जुळवून घेतात. मग सोडियम एकाएकी वर गेलं की त्यांच्यातलं पाणी बाहेर खेचलं जातं आणि मज्जातंतूंवरचं मायलिनचं वेष्टन जातं, विशेषतः मेंदूच्या देठाच्या भागात. यातला सगळ्यात वाईट भाग असा की हे लगेच दिसत नाही. माणूस आधी बरा वाटतो, हुशारी येते, घरचे म्हणतात गोळी लागू पडली. दोन-चार दिवसांनी जीभ जड होते.

‘अर्धीच घेणारे’ म्हणून सुटका नाही. साडेसात मिलिग्रॅमवरही सोडियम झपाट्याने चढल्याच्या नोंदी वैद्यकीय नियतकालिकांत आहेत. हॉस्पिटलमध्ये ठेवतात ते दर काही तासांनी रक्त घेऊन आकडा बघायला, आणि वेगाने चढू लागला तर लगाम घालायला. घरी आकडा कोण बघणार?

आत्याला मी विचारलं, तुझं सोडियम कमी आहे हे कुणी सांगितलं? महिन्यापूर्वीच्या तपासणीत १२८ आलं होतं, कागद देवघरातल्या डब्यात. “आता बीपीच्या गोळीचं पाकीट आण आणि मागचं बारीक वाच.” भिंग शोधण्यात पाच मिनिटं गेली. टेल्मिसार्टान, आणि शेजारी क्लोरथॅलिडोन. म्हटलं, हे क्लोरथॅलिडोनच. थायझाइडच्या जातीतल्या या लघवीच्या गोळ्यांनी, विशेषतः वय झालेल्या बायकांचं, सोडियम उतरणं ही नेहमीची गोष्ट आहे. ती गोळी डॉक्टरांनी बंद केली की मूत्रपिंड आपणहून साठलेलं पाणी सोडू लागतं आणि सोडियम तसंच वर येतं. त्यात टोलव्हॅप्टान आणि पाणीबंदी जोडली तर एकाच गाडीला तीन घोडे जुंपल्यासारखं. सोडियम उतरायची कारणं इतरही असतात, थायरॉइड, फिटची काही औषधं, फुप्फुसाचा कर्करोगसुद्धा. जुलाब-उलट्यांनी अंगातलं पाणी आणि मीठ दोन्ही गेलं असेल तर तिथे सलाइन लागतं आणि ही गोळी वर्ज्य आहे. कारण न शोधता आकड्यामागे धावायचं म्हणजे तापाचं कारण न बघता थर्मामीटर थंड पाण्यात धरायचा.

उरलेलं भराभर. किडनीतल्या गाठी विरघळत नाहीत. मूत्रपिंडात गाठीच गाठी होत जाणाऱ्या आनुवंशिक पॉलिसिस्टिक आजारात ही गोळी वाढ मंदावते. २०१२ साली प्रसिद्ध झालेल्या चाचणीत १४४५ रुग्णांना तीन वर्षं पाहिलं. मूत्रपिंडं वर्षाला सुमारे ५.५ टक्के वाढत होती, ती गोळीवर २.८ टक्के वाढली. हा मोठा फायदा आहे, पण त्यासाठी डोस सोडियमच्या डोसच्या कितीतरी पट, आणि लघवी दिवसाला पाच-सहा लिटर. सोनोग्राफीत एखादी साधी गाठ दिसली म्हणून कुणी ही सुरू करत नाही.

‘साइड इफेक्ट शून्य’ तर त्याच चाचणीने खोडलंय. काही रुग्णांच्या यकृताला गंभीर इजा दिसली, म्हणून एफडीएने २०१३ मध्ये सोडियमसाठीचा वापर तीस दिवसांवर आणला आणि यकृताचा आजार असलेल्यांनी ती टाळावी असं सांगितलं. मूत्रपिंडाच्या आजारासाठी घेणाऱ्यांना यकृताची तपासणी पहिली दीड वर्षं जवळजवळ दर महिन्याला करावी लागते. क्लॅरिथ्रोमायसिनसारखं साधं प्रतिजैविक सोबत आलं तरी या गोळीचं रक्तातलं प्रमाण फुगतं.

हृदयाच्या आणि लिव्हरच्या सुजेसाठी जपानमध्ये ती वापरतात, हे मला मान्य करावं लागतं. पण हृदय कमजोर झालेल्या ४१३३ रुग्णांवरच्या २००७ च्या अभ्यासात सूज आणि वजन उतरलं, आयुष्य वाढलं नाही. आणि युरोपातल्या तज्ज्ञांनी तर २०१४ च्या मार्गदर्शक सूचनांत बऱ्यापैकी उतरलेल्या सोडियमसाठी या जातीची औषधं वापरू नयेत असंच म्हटलं, कारण तेच, वेग आवरत नाही. सगळे डॉक्टर ते मानत नाहीत. पण जिथे त्यांच्यातच वाद आहे, तिथे व्हॉट्सअ‍ॅपवरच्या माणसाला एवढी खात्री कुठून आली?

आत्या दुसऱ्या दिवशी तिच्या डॉक्टरांकडे गेली. त्यांनी बीपीची गोळी बदलली, आठवड्याने पुन्हा रक्त तपासायला सांगितलं, आणि पाणी किती प्यायचं तेही कागदावर लिहून दिलं. संध्याकाळी तिचा फोन आला. पोस्ट तिने भजनी मंडळाच्या ग्रुपवर टाकली होती आणि एकीने गोळ्या आणल्यासुद्धा होत्या. “काय सांगू तिला?” मी म्हटलं, आधी एवढंच विचार, घेतली का? घेतली असेल तर पाणी बंद करू नकोस म्हणावं, आणि तू फोन ठेव, मला तिचा नंबर दे.