ज्याँ रोलँ आणि त्याची दुसरी सही

फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रोलँचं नाव हल्ली सिनेमावेड्या मंडळींत फार आदराने घेतलं जातं. समुद्रकिनाऱ्यावर भटकणाऱ्या व्हँपायर मुली, कबरस्तानं, पडक्या गढ्या. स्क्रीनशॉट देखणे असतात, वादच नाही. पण याच माणसाने सत्तरच्या दशकात पॉर्न फिल्म्सही भरपूर केल्या, हा विषय निघाला की "अहो, पोटासाठी केलं बिचाऱ्याने" म्हणून मंडळी तो झाकून टाकतात. मला ती झाकपाक पटत नाही.

रोलँचा जन्म 1938 चा, पॅरिसला लागून असलेल्या नॉयीचा. त्याची आई दनीज युद्धाच्या काळात काही वर्षं लेखक जॉर्ज बातायची सोबतीण होती. या बातायने 1928 मध्ये आपली कामुक कादंबरी 'लॉर्ड ओश' या टोपणनावाने छापली होती. आज ती साहित्यात जमा आहे. रोलँच्या टोपणनावांना तेवढं भाग्य लाभलं नाही.

त्याचा पहिला मोठा सिनेमा 'ल व्हियोल द्यू वाँपीर' लागला तो मे 1968 मध्ये. पॅरिसच्या रस्त्यांवर विद्यार्थी आणि पोलीस भिडलेले, देशभर संप, नवे सिनेमे जवळजवळ नाहीतच. त्यामुळे हा भरपूर लोकांनी पाहिला आणि भरपूर शिव्याही घातल्या. मुळात एका जुन्या अमेरिकी व्हँपायरपटाला जोड म्हणून केलेला तो लघुपट. पुढे त्याला दुसरा भाग जोडून पूर्ण लांबीचा केला. पहिल्या भागात मेलेली पात्रं दुसऱ्यात उठून चालायला लागली! प्रेक्षक चिडले, यात नवल नाही.

खरा दणका बसला 1973 मध्ये. 'ला रोझ द फेर' म्हणजे आमियाँ शहराच्या कबरस्तानात रात्रभर अडकलेलं एक जोडपं, बस्स. माझ्या मते त्याचं सगळ्यात चांगलं काम हेच. आणि हेच साफ आपटलं. त्यानंतर 'मिशेल जाँती' हे टोपणनाव अवतरलं. रोलँचं पूर्ण नाव ज्याँ मिशेल रोलँ रोत ल जाँती, म्हणजे लपायचं ठरवलं तेही स्वतःच्याच नावाच्या तुकड्यांमागे. सुरुवातीला सौम्य कामुक सिनेमे, मग उघड हार्डकोर. 1975 चा त्याचा व्हँपायरपट पडला, तेव्हा पुढच्याच वर्षी त्यात हार्डकोर दृश्यं घुसवून तोच माल नव्या नावाने विकला गेला.

या सगळ्यात सरकार कुठे होतं? 1974 मध्ये जिस्कार फ्रान्सचे राष्ट्राध्यक्ष झाले, सेन्सॉर सैल झाला आणि असले सिनेमे साध्या थिएटरांत खुलेआम लागू लागले. मग ओरड झाली. 30 डिसेंबर 1975 च्या कायद्याने अशा सिनेमांसाठी 'एक्स' हा नवा वर्ग तयार केला. बंदी नाही हं. वाढीव दराचा व्हॅट, नफ्यावर वेगळा 20 टक्के कर, सरकारी मदत बंद, थिएटरं वेगळी. आणि हे सगळं आलं कुठून, तर अर्थसंकल्पाच्या कायद्यातून! नाक मुरडायचं आणि हात पुढे करायचा, हा प्रकार कुठल्याच सरकारला अवघड जात नाही. परिणाम ठरलेला होता: बजेट आक्रसलं, चित्रीकरण घाईत उरकायचं, दर्जाची काळजी करणं परवडेनासं झालं. रोलँसारख्याला मात्र त्यातून नियमित काम मिळत राहिलं.

आणि त्याच कामातून त्याला ब्रिजित लाए भेटली. पॉर्न फिल्मच्या सेटवर. तिच्यात काहीतरी आहे हे त्याला दिसलं, हे श्रेय त्याचंच. 1978 च्या 'ले रेझँ द ला मोर'मध्ये त्याने तिला घेतलं. द्राक्षमळ्यांवर फवारलेल्या कीटकनाशकामुळे माणसं झोंबी होतात, असा तो सिनेमा. पुढच्या वर्षी 'फासिनासिओं'. दगडी पुलावर काळ्या झग्यात, हातात भलामोठा कोयता घेऊन चालत येणारी लाए. आज रोलँच्या नावाने जे एक चित्र सगळीकडे फिरतं, ते हेच. 1980 च्या 'ला न्वी दे त्राके'ची कथा तर आणखी बोलकी आहे. निर्मात्याला हवी होती एक्स फिल्म. रोलँ म्हणाला, तेवढ्याच पैशांत वेगळा सिनेमा देतो. स्मृती गमावत चाललेल्या माणसांना एका उंच काचेच्या इमारतीत कोंडलंय, अशी गोष्ट. पात्रांत बरेचसे एक्सवालेच कलाकार, आणि त्यांना चक्क अभिनय करायला मिळाला.

आता सांगा, दुसऱ्या सहीचं काम वजा केलं तर या तीन सिनेमांत उरतं काय? लाएच नाही. म्हणून "पोटासाठी" हे उत्तर मला अपुरं वाटतं. शिवाय सोय कुणाला होती तेही बघा. दिग्दर्शकाला टोपणनाव घेता येतं, दिवसा जाँती, रात्री रोलँ. लाए हेही पडद्यासाठी घेतलेलंच नाव, पण पडद्यावरचा चेहरा बदलता येत नाही. तिने 1980 च्या सुमारास ते काम सोडलं. पुढे 2001 पासून पंधरा वर्षं आरएमसी रेडिओवर प्रेम आणि लैंगिक प्रश्नांवर श्रोत्यांशी बोलली. तरी तिची ओळख करून देताना पहिला शब्द 'पॉर्न' हाच येतो. रोलँच्या ओळखीत तो आला तर तळटीपेत.

रोलँ 2010 मध्ये गेला. शेवटची वर्षं आजारपणात गेली, तरी सिनेमा करतच होता. कुणाला बघायचंच असेल तर 'फासिनासिओं'पासून सुरू करा. 1981 चा तळ्यातल्या नाझी झोंबींचा सिनेमा मात्र टाळा. त्यावरही त्याने वेगळंच नाव लावलंय, आणि तिथे ते शंभर टक्के योग्य होतं.