काठोकाठ भरलेली बरणी फ्रीजरमध्ये? नको!

मार्चमध्ये महाबळेश्वर-वाईकडची स्ट्रॉबेरी भरून ठेवायची घाई सुरू झाली की साताऱ्या-सांगलीच्या ग्रुपांवर हा मेसेज फिरतो: "प्लास्टिक फेका. काचेच्या बरणीत रस्सा, पल्प काहीही काठोकाठ भरा, हवा राहू देऊ नका, गरम असतानाच झाकण घट्ट लावून फ्रीजरला टाका. बोरोसिलिकेट काच फुटत नाही."

काचेचं कौतुक खरं. ती ना हळदीचा डाग धरते, ना लसणाचा वास. बाकीचं मात्र घात करणारं आहे.

'काठोकाठ भरा': बरण्या फुटतात त्या इथेच. बर्फ होताना पाणी साधारण 9 टक्के फुगतं. येळवणीची आमटी म्हणजे बहुतांशी पाणी. अर्ध्या लिटरला जवळपास 45 मिली जास्तीची जागा लागते. गोठणं बाहेरून आत होतं. कडा आणि वरचा थर आधी घट्ट होतो, मधलं पातळ शेवटी गोठतं, तेव्हा त्याला फुगायला वाटच उरलेली नसते. जॅमच्या बरणीला खांदा असतो. वर सरकणारा बर्फ तिथे अडतो आणि तडा मानेखाली जातो. म्हणून सरळ भिंतीचा, रुंद तोंडाचा डबा घ्या. अर्ध्या लिटरच्या डब्यात दीड सेंटिमीटर, लिटरच्या डब्यात अडीच सेंटिमीटर रिकामं सोडा. खांद्याचीच बरणी असेल तर खांद्याच्या खालीच थांबा. झाकण सैल ठेवा, पूर्ण गोठल्यावर आवळा.

अख्खी स्ट्रॉबेरी याला अपवाद. ताटात सुटी पसरून गोठवली आणि मग बरणीत भरली तर एवढी जागा सोडावी लागत नाही.

'हवा नको': हेतू बरोबर आहे, हवेने पदार्थ कोरडा पडतो. पण त्यासाठी गोठल्यावर वर बटर पेपर दाबून बसवा.

'गरम असतानाच': पसरट भांड्यात ओतून, भांडं गार पाण्यात ठेवून आधी निववा, मग फ्रिजमध्ये थंड करून फ्रीजरला. बाहेर दोन तासांपेक्षा जास्त नको, उन्हाळ्यात तर तासभरच.

'बोरोसिलिकेट फुटत नाही': तापल्यावर ती साध्या काचेच्या साधारण एक तृतीयांशच प्रसरण पावते, म्हणून तापमानातला फरक जास्त सोसते. बर्फाचा आतून येणारा रेटा ही वेगळी गोष्ट, तिथे तिचीही गय नाही. उणे 18 अंशावरचा डबा उकळत्या पाण्यात बुडवला तर 118 अंशांची उडी होते, तीही टाळा. आदल्या रात्री खालच्या कप्प्यात उतरवून ठेवा.

तडा दिसला की आमटी गाळून वाचवायच्या भानगडीत पडू नका. काचेची कणी गाळणीतूनही सुटते.